बर्फावरची तुळसा

मोठागाव, डोंबिवली (प.)
१ डिसेंबर

तुळसा बाय,

पत्र ऐकायला लागलीस की पहिलं मनात येईल, या लोकांना आता आणखी काय पाहिजे. काही नको. वैशालीताई, एवढं वाक्य तिला दोनदा वाचून दाखवा.

ताई, तुम्हाला पुन्हा त्रास देते. मे महिन्यात तुळसा आमच्याकडे आलेली तेव्हा फोनवरून तुम्हीच आमचं तिला आणि तिचं आम्हाला सांगत होतात. तिला मराठी येत नाही, माझं इंग्रजी चार ओळींत संपतं, आणि तिकडे स्वीडनमध्ये आपल्या डोंबिवलीचं माणूस तुमच्याशिवाय मला माहीत नाही. जे लिहिलंय ते जसंच्या तसं सांगा. गोड करू नका.

तुळसा, विकी गेला. आपला भाऊ.

गेल्या महिन्यात, रविवारी दुपारी. गावच्या मैदानात टेनिस बॉलच्या मॅची होत्या. त्याने एक रन काढली, दुसरीसाठी वळला आणि पालथा पडला. पोरांना वाटलं पाय घसरला. माईकवर कॉमेंट्री करणारा हसला पण. मग कोणीतरी त्याला उताणा केला, तेव्हा माईक बंद झाला. मी घरात मासे साफ करत होते. माईक बंद झालेला मला घरातून ऐकू आला.

सगळे बोलले ॲटॅक आला. इतक्या तरण्या पोराला? दारू नाही, तंबाखू नाही. पण ठाण्याच्या हॉस्पिटलातून डॉक्टर मॅडमनी मला बोलावून घेतलं. विकीच्या हृदयाचा स्नायू जाड झालेला होता. हे रक्तातून येतं, आईबापाकडून पोरांना. माणूस चांगला असतो, धावतो, नाचतो, आणि एक दिवस जोर लावताना हृदयाची लय चुकते.

"रक्ताच्या सगळ्या नातेवाइकांची टू-डी इको करून घ्या," त्या बोलल्या. "अंगमेहनतीचा खेळ खेळणारं कोणी आहे का घरात?"

मी बोलले, "बहीण आहे. लहान असताना दत्तक गेली. स्वीडनमध्ये असते."

"काय खेळते?"

मला नीट सांगता येईना. "बर्फावरून मोठा दगड सोडतात, आणि तो जिथे पाहिजे तिथे जावा म्हणून पुढे ब्रशने बर्फ घासत पळतात. कर्लिंग म्हणतात."

"घासतं कोण?"

"तीच. दगडामागे दगड. तिच्यासारखं कोणी घासत नाही म्हणतात."

मॅडमनी लिहिता लिहिता पेन थांबवलं. मग बोलल्या, "तिला आजच कळवा."

विकीच्या दहाव्याला पाहुणे जेवायला बसलेले, तेव्हा माझ्या लेकीने, संचिताने, मोबाईल आणून दाखवला. तुझ्या गळ्यात युरोपचं सुवर्णपदक, केस घामाने कपाळाला चिकटलेले. मी फोटो बघितला, आणि मला आनंद होण्याआधी माझी नजर तुझ्या छातीवर गेली.

मेमध्ये जे झालं त्याबद्दल एकदाच लिहिते. तू आमच्यात बसून जिताड्याचं कालवण आणि तांदळाची भाकरी खाल्लीस, आयच्या मांडीवर डोकं ठेवलंस, आणि हात धुवून येतेस तोवर विकीने बिल्डरचा वकील आणून बसवलेला. दत्तक गेल्यावर वाडवडिलांच्या जागेवर कायद्याने तुझा हक्क उरत नाही, तरी उद्या झंझट नको म्हणून फक्त एक सही. मला ते माहीत नव्हतं. तू एकेकाचं तोंड बघितलंस, माझंही. "म्हणून एवढं प्रेम केलंत का?" असं वैशालीताईंच्या आवाजात आम्हाला ऐकायला मिळालं. सही केलीस आणि संध्याकाळी गेलीस.

म्हणून सांगते, सही झाली आहे. तुझ्याकडून आम्हाला मिळण्यासारखं आता काहीच उरलेलं नाही. एक तपासणी कर, बाय. छातीवर जेल लावून मशीन फिरवतात, सुईसुद्धा टोचत नाहीत.

तुझी ताई,
भावना


२२ डिसेंबर

तुळसा बाय,

वैशालीताईंनी सांगितलं. तू शेवटपर्यंत ऐकलंस, विकीचं ऐकून रडलीस, आणि मग बोललीस की टीमचे डॉक्टर दरवर्षी ईसीजी काढतात, त्यात काही नाही. जाड हृदय खेळाडूंचं असतंच. आणि शेवटी बोललीस, "यांना मी घाबरलेली बरी वाटते."

मॅडमना विचारलं. त्या बोलल्या, खेळाडूचं हृदय आणि हे हृदय वरून सारखंच दिसू शकतं, म्हणूनच नीट बघायचं. नुसत्या ईसीजीवर राहू नका.

तुझा विश्वास बसावा म्हणून घरातलं सगळं सांगते. मेमध्ये आयने तुला एवढंच सांगितलं की बाबा आजारी पडून गेले. तसं नाही. आपले बाबा, काळुराम, भांडुपच्या मिठागरात कामाला होते. हंगामात तिकडेच राहायचे. लांब दांड्याची लाकडी फळी घेऊन वाफ्यातलं मीठ ओढून काठावर आणायचं, दिवसभर, वाकून. मी दुसरीत होते, विकी रांगायचा थांबून नुकता पळायला लागलेला, आणि तू अंगावर पिणारी. दुपारी बाबा वाफ्यातच कोसळले. माणसं धावली तेव्हा हातातली फळी सुटलेली नव्हती. आयला आणून दाखवलं तेव्हा त्यांच्या मिशीला मीठ होतं.

त्यांच्याआधी आपला आजा खाडीच्या बांधावर दगड लावताना गेला. बाबांचा धाकटा भाऊ, रामाकाका, स्वतःच्या हळदीत नाचता नाचता गेला. लोकांनी नाव ठेवलं, या घराला खाडीची बाधा आहे. भगत झाला, कोंबडं झालं, बांधावर नारळ झाले. आयने तीन पोरांकडे बघितलं. घरात खायला नव्हतं हे खरं, तिला टीबी झालेला हेही खरं. पण तुला कल्याणच्या संस्थेत ठेवायला ती का तयार झाली ते मी तिच्या तोंडून आत्ता, विकीच्या नंतर ऐकलं.

"मना वाटला, घरातशी एक तरी पोर लांब गेली तं वाचंल," ती बोलली. "समिंदराच्या पल्याड कोनची बाधा जाते?"

तर बाय, ती बाधा तुझ्याबरोबर विमानात बसून गेली असेल. मॅडमनी कागदावर आपल्या घरातले सगळे मांडले आणि गेलेल्यांवर काट मारली. तुझ्या गोलात प्रश्नचिन्ह काढलं. ते त्यांनी पुन्हा पुन्हा गिरवलं, त्यांच्याही लक्षात न येता.

गेल्या आठवड्यात संचिताने आयला तुझी एक मॅच लावून दिली. पांढरं सपाट मैदान, त्यावर तू वाकलेली, लांब दांडा दोन्ही हातांत, अंगाचा सगळा भार त्याच्यावर. आय चष्मा पुसून पुन्हा बघायला लागली. "ही मीठ वरते," ती बोलली, म्हणजे ओढते. "बघ गो, बापासारीच वाकते." मग तिने मोबाईल पालथा घातला आणि उठून गेली. तेव्हापासून त्याला हात लावत नाही.

तपासणी कर. निकाल मला कळवू नकोस हवं तर.

भावना


१९ जानेवारी

तुळसा बाय,

तुझं उत्तर नाही. तरी लिहिते, कारण मी काल काहीतरी बघितलं.

कॅनडातली तुझी मॅच मी सकाळी डबे भरता भरता बघत होते. आता मला खेळ कळतो. चार जणी असतात, एकेकीला दोन दगड. तू दुसरी. तुझे दगड झाले की उरलेल्यांच्या दगडापुढे घासत पळायचं. कॉमेंट्रीवाले तुला 'मशीन' म्हणतात. नऊ वर्षांची असताना तू त्या हॉलमध्ये का जायला लागलीस ते मेमध्ये सांगितलेलंस. शाळेत सगळे तुझ्या काळ्या रंगाकडे बघायचे, आणि तिथे सगळ्यांची नजर खाली, बर्फाकडे असायची. मग ज्युनियरचं विजेतेपद, मग स्वीडनच्या मुख्य टीममध्ये, दोनदा युरोप. जर्सीच्या पाठीवर तिकडच्या घराने ठेवलेलं 'मालिन' नाही, 'एम. तुळसा' असं लिहून घ्यायला तू भांडलेलीस. हे तू सांगितलंस तेव्हा आयला काही कळलं नाही, मी नंतर समजावलं तेव्हा ती रात्री जेवली नाही.

तर काल. लांबचा दगड होता, तू अर्ध्यापेक्षा जास्त अंतर घासत आलीस. दगड बसला, तुझ्या टीमने हात उंचावले, आणि तू कडेला जाऊन एक गुडघा टेकलास. डोकं खाली. कॅमेरा दुसरीकडे गेला. पुन्हा तुझ्यावर आला तेव्हा तू बुटाची नाडी बांधत होतीस.

ती नाडी सुटलेली नव्हती, बाय. मी मागे नेऊन बघितलं.

विकीने दिवाळीत असंच केलेलं. दिव्यांची माळ लावायला शिडीवर चढला, उतरला आणि ओट्यावर बसून चपलेचा अंगठा नीट करत बसला. मी विचारलं, काय रे? तो बोलला, "काय नाय गो, अंगठा निघतोय."

आता दोन गोष्टी सांगते ज्या आधीच्या पत्रांत लिहिल्या नाहीत. तू घाबरून नाही, विचार करून तपासणी करावीस असं वाटत होतं म्हणून लपवल्या.

एक, मलाही हेच आहे. कमी प्रमाणात. गोळ्या चालू आहेत, बालवाडीत शिकवायला जाते, पोरांना उचलून घेत नाही.

दोन, संचितालाही आहे. माझ्यापेक्षा जास्त.

संचिता कबड्डी खेळते. खेळायची. जिल्ह्याच्या मुलींच्या संघात तिचं नाव लागलेलं. चढाईला गेली की कोणाच्या हाताला लागत नाही, अशी पोर. इकोचा रिपोर्ट घेऊन मी तिच्या सरांकडे गेले आणि नाव काढून घेतलं. तिला घरी येऊन सांगितलं. ती ओरडली नाही, रडली नाही. बोलली, "मला विचारायचंस तरी." त्यानंतर माझ्याशी कामापुरतं बोलते. भाजी दे, पाणी आलंय, क्लासला चालले.

म्हणजे माणसाकडून त्याचा खेळ काढून घेतला की त्याचं तोंड कसं होतं, ते मी रोज सकाळ-संध्याकाळ बघते. तुझ्याकडे मी सहज काहीतरी मागत नाही. मला माहीत आहे मी काय मागते आहे.

भावना


१६ फेब्रुवारी

तुळसा बाय,

काल फोनवर अर्धंच बोलणं झालं. तू बोलत होतीस, वैशालीताई मराठीत सांगत होत्या, आणि मध्येच त्या थांबल्या. मला वाटलं नेटवर्क गेलं. त्या रडत होत्या.

तू तपासणी केलीस. डिसेंबरातच, माझं दुसरं पत्र मिळालं त्याच आठवड्यात. टीमच्या डॉक्टरकडे नाही, दुसऱ्या शहरात, आपल्या खिशातून. आणि ते आहे. विकीला होतं तेवढंच आहे.

म्हणजे कॅनडात तुला माहीत होतं. गुडघा टेकलास तेव्हा माहीत होतं. मी इथे विचार करत होते की तुला कसं पटवू.

तू बोललीस ते मी पुन्हा लिहिते, मला नीट समजलं का ते बघ. मार्चमध्ये जागतिक स्पर्धा आहे. तुम्ही चौघी शाळेच्या वयापासून एकत्र आहात. आता तू निघालीस तर जी पोर येईल ती नवखी आहे, आणि बाकीच्या तिघींचंही संपेल. स्पर्धेनंतर सगळं सांगणार, डॉक्टर म्हणतील ते करणार. तोवर हे फक्त तुला, वैशालीताईंना आणि मला माहीत. तुझ्या तिकडच्या आईलाही नाही.

मी बोलले, "आणि तिथेच काही झालं तर?"

तू बोललीस, "तर मी माझ्या जागेवर असेन."

मी बोलले, "विकीपण त्याच्या जागेवर होता. मी त्याचे बूट काढले."

मग तू ते वाक्य बोललीस. वैशालीताईंनी आधी सांगितलंच नाही, तू त्यांना पुन्हा सांगायला लावलंस. "तुम्ही मला एकदा देऊन टाकलंत. आता हे माझ्याकडून काढून घेऊ नका."

मी फोन ठेवला. राग आला म्हणून नाही. ते खरं होतं म्हणून.

रात्रभर मनात एकच येत होतं. मला आता माहीत आहे. उद्या बर्फावर काही झालं तर तुझ्या तिकडच्या आईला कोणीतरी सांगेल, की हिच्या भारतातल्या बहिणीला सगळं माहीत होतं. ती बाई मेमध्ये तुझ्याबरोबर आलेली. आयच्या हातात हात घालून ओट्यावर बसलेली. दोघींना एकमेकींचा एक शब्द कळत नव्हता, तरी उठत नव्हत्या. तिला मी काय तोंड दाखवू?

विचार कर. अजून वेळ आहे.

भावना


१४ मार्च

तुळसा,

उद्यापासून तुझी स्पर्धा. हे पत्र वैशालीताईंनी तुला आधी ऐकवावं की नंतर, ते त्यांच्यावर सोडते.

मी तुझ्या कोचला लिहिणार होते. खोटं बोलत नाही. तुमच्या संघाच्या वेबसाइटवर त्यांचा पत्ता मिळाला. काय लिहायचं ते मराठीत लिहिलं आणि इंग्रजी करून घ्यायला संचितासमोर ठेवलं, कारण घरात ते तिलाच जमतं.

तिने वाचलं आणि कागद माझ्याकडे सरकवला. "हे मी नाही करणार."

"मावशीचा जीव जाईल, संचिता."

"माझ्या सरांकडे गेलीस तेव्हा पण हेच बोललेलीस. माझं नाव काढलंस, मी वाचले. बघ, वाचलेय ना?" असं बोलून ती हसली. गेल्या तीन महिन्यांत पहिल्यांदा हसली आणि ते हसणं मला बघवलं नाही.

आमचा आवाज ऐकून आय आतून आली. तिला काही सांगितलेलं नव्हतं. मी ठरवलेलं की तिला सांगायचं नाही. पण दोघींची तोंडं बघून तिने विचारलं, "तुलशीला बी हाय ना?" आणि मला नाही म्हणता आलं नाही.

आय खाली बसली. भिंतीला टेकून, पाय पसरून. विकीला आणलं तेव्हा बसलेली तशी. मला वाटलं आता ती ओरडेल, लिही म्हणेल, आत्ताच्या आत्ता लिही. बराच वेळ ती नुसती पदराचं टोक दुमडत होती.

"ती अंगावर पीत व्हती," आय बोलली. "झोपलेली. मी तिला तशीच उचलून संस्थेच्या बाईच्या हातान दिली. जागी झाली तं रडंल, मना सोडवनार नाय, म्हनून झोपेतच दिली. तिला इचारला नाय. इचारनार कशी, ती केवरीशी." मग माझ्याकडे बघून, "आता इचारल्याबिगर तिचा काय बी घेव नको गो. एकदा मी केला तेवरा बास."

"आय, ती मरेल."

"मना ठाव हाय काय व्हईल ते. ह्या घरान मीच सगल्यांना धुतलाय."

ती उठून आत गेली आणि मी कागद फाडला.

म्हणून कोचला काही कळणार नाही. खेळ. मी तुझ्याकडे आता काही मागत नाही. मी बरोबर केलं की नाही ते मला माहीत नाही. पुढचे आठ-नऊ दिवस मी बालवाडीत पोरांना गाणी शिकवणार आणि मोबाईल हातातून खाली ठेवणार नाही.

संचिता क्लासला म्हणून कल्याणला जाते ती हल्ली उशिरा येते. तिच्या मागे लागायचं बळ माझ्यात उरलेलं नाही.

भावना


३० मार्च

तुळसा बाय,

तू फोनवर विचारलंस, तुम्ही फायनल बघितली का. मी हो बोलले आणि विषय बदलला, कारण ते फोनवर सांगण्यासारखं नव्हतं. आता सांगते.

दुपार होती. मी आणि संचिता पलंगावर, मोबाईल उशीला टेकवलेला. आय दाराशी, आमच्याकडे पाठ करून तांदूळ निवडत बसलेली. ती बघणार नव्हती, पण उठूनही जात नव्हती. मधून मधून विचारायची, "उबी हाय का?" मी सांगायची, "हाय." प्रत्येक दगडाला तिचं तेच आणि माझं तेच.

सहाव्या डावापासून तू पांढरी पडलेलीस. आपल्या रंगाचं माणूस पांढरं पडलं की राखेसारखं दिसतं, तिकडच्या लोकांना ते कळत नसेल. मला कळत होतं. विकीला हॉस्पिटलात तशाच रंगाचा बघितलेला. तरी तू घासत होतीस. आठवा, नववा. संचिताने माझं मनगट धरलेलं. तिची नखं माझ्या हातात रुतत होती.

मग तो शेवटचा दगड. तुमच्या कॅप्टनने सोडला. संचिता बोलली, "थोडा कमी पडतोय. घासून नेला तर त्या रंगीत गोलाच्या मधोमध जाईल आणि मावशी जिंकेल." कॅप्टन ओरडायला लागली. तुझ्या भाषेत काय ते माहीत नाही, पण जोर लाव असंच असणार, गळ्याच्या शिरा दिसत होत्या. तू आणि ती सोनेरी केसांची, दोघी दगडापुढे वाकलात. ब्रश दिसतच नव्हते इतक्या वेगाने. दगड येत होता. अर्ध्यावर आला. त्याच्याही पुढे आला.

आणि तू उभी राहिलीस.

ब्रश बर्फावरून उचललास, सरळ झालीस, आणि उजवा हात छातीवर ठेवलास. ती दुसरी एकटीच घासत राहिली. कॅप्टन तुझं नाव घेऊन किंचाळली. तू दगडाकडे बघत होतीस. पळत नव्हतीस, वाकत नव्हतीस. नुसती उभी. दगड हळू होत गेला आणि गोलाच्या आत, पण मध्यापासून लांब, थांबला. समोरच्या पोरींनी ब्रश हवेत फेकले.

"उबी हाय का?" आय ओरडली. तोवर तिला आमच्या गप्प बसण्यावरून कळलेलं की काहीतरी झालं.

संचिता बोलली, "उभी आहे आजी. हरली."

"उबी हाय ना?"

"हो गं आजी, उभी आहे. चालतेय. बाकावर जाऊन बसली."

"मंग बास," आय बोलली आणि तिच्या हातातलं सूप कलंडलं. सगळे तांदूळ ओट्यावर. ती ते गोळा करायला लागली आणि गोळा करता करता मोठ्याने रडायला लागली. विकीच्या वेळी ती रडली नव्हती.

वैशालीताईंनी सांगितलं की तिकडच्या पेपरात काय काय आलं. ऐन वेळी घाबरली, हातातलं सुवर्ण घालवलं. कॅप्टन तुझ्याशी दोन दिवस बोलली नाही. मग तू तिघींना बसवून रिपोर्ट दाखवलास आणि ती तुझ्या पायाशी बसून राहिली. तू मला सांगितलंस, त्या वेळी छातीत काहीतरी फडफडलं, आणि तुला वाटलं की अजून घासलं तर दगड पोचेल, तू पोचणार नाहीस. पुढच्या आठवड्यात तुझ्या छातीत ते यंत्र बसवतील. लय चुकली तर झटका देऊन परत आणणारं. खेळ संपला. तुझ्या तिकडच्या आईने फोन घेतला आणि मला काहीतरी बोलली, मी काहीतरी बोलले, दोघींना एकमेकींचं कळलं नाही आणि दोघींनी फोन ठेवला नाही.

आता जे तुला माहीत नाही ते.

फायनल संपल्यावर मी आयला उठवून पाणी दिलं आणि आत आले, तर संचिता तशीच पलंगावर बसलेली. मोबाईलवर तुझा तोच क्षण पुन्हा पुन्हा लावत होती. तू वाकलेली, तू उभी. तू वाकलेली, तू उभी.

"आई," ती बोलली, "मला काहीतरी सांगायचंय. ओरडू नको."

ती क्लासला जातच नव्हती. जानेवारीपासून कल्याणच्या एका मंडळाकडून खेळत होती, दुसऱ्या मुलीच्या नावावर. त्यांना रिपोर्टाचं माहीत नव्हतं. उल्हासनगरला खेळली, कल्याणला खेळली. आणि तुझ्या फायनलच्या आदल्या रविवारी आंबिवलीच्या मैदानात चढाईवरून परत येताना तिच्या डोळ्यांपुढे काळं झालं. रेषेला हात लावला आणि पुढचं तिला आठवत नाही. पोरींनी तोंडावर पाणी मारलं. तिने सांगितलं, सकाळपासून जेवले नाही. पुढची चढाई तिने केली.

"उद्या सेमीफायनल आहे," ती बोलली. "मी जाणार होते. बॅग भरलेय." आणि दाराच्या मागे बोट दाखवलं.

मी ओरडले नाही. खरंच. मला आयचं बोलणं आठवत होतं. मी एवढंच विचारलं, "मग? जाणार आहेस?"

ती मोबाईलकडे बघत होती. बोलली, "एवढ्या मोठ्या मॅचमध्ये ती उभी राहिली."

मग ती माझ्या कुशीत शिरली. लहान असताना ताप आला की शिरायची तशी. तिचं हृदय माझ्या हाताला लागत होतं आणि मी मोजत नव्हते, पण मला वेड्यासारखं वाटत होतं की मी हात काढला तर ते थांबेल. तशाच बसून राहिलो.

दुसऱ्या दिवशी ती सेमीफायनलला गेली नाही. आम्ही ठाण्याला मॅडमकडे गेलो. तिने स्वतःच्या तोंडाने त्यांना आंबिवलीचं सांगितलं. मॅडमनी खुर्ची मागे सरकवली आणि उठून तिला तपासायला घेतलं. तिलाही तुझ्यासारखंच यंत्र बसवायचं आहे, पुढच्या महिन्यात. आणखी एक मॅच खेळली असती तर, असं मी विचारलं. त्यांनी रिपोर्ट पुढे ओढला. पेन उघडलं आणि लिहायला लागल्या.

घरी येताना रिक्षात ती बोलायला लागली. तुझ्याबद्दल. मावशी आता सकाळी उठून काय करत असेल. हॉलमध्ये जाऊन दुसऱ्यांना खेळताना बघत असेल का. तिला ते बघवत असेल का. मी बोलले, मला माहीत नाही. ती बोलली, तुला कसं माहीत असणार, तू कुठे काय खेळलीस.

ते खरं आहे. मी तिला जपू शकते, गोळ्या देऊ शकते, रात्री उठून ती श्वास घेते का ते बघू शकते. पुढचं मला येत नाही.

तिने तुला विचारायला सांगितलंय, आणि वैशालीताई, हे तिचेच शब्द आहेत, तसेच सांगा: "मावशी, थांबल्यावर पुढे काय करतात?"

मला उत्तर पाठवू नकोस. तिला पाठव.

तुझी ताई,
भावना